सही, संमती आणि सनद : आंतरराष्ट्रीय कायद्यावर वाचकांचे प्रश्न

हेग, व्हेटो, रेड कॉर्नर नोटीस, रॅटिफिकेशन हे शब्द वाचकांच्या पत्रांतून वारंवार येतात. त्यांतले काही प्रश्न इथे घेतले आहेत. एक गोष्ट सुरुवातीलाच सांगायला हवी. सार्वभौम देशाला बेड्या घालणारा पोलीस जगात नाही आणि कुठल्याही देशाला आपोआप लागू होणारं न्यायालयही नाही. म्हणून अशी बातमी वाचताना पहिला प्रश्न हा, की या देशाने संमती कोणत्या कागदावर दिली आहे आणि कोणत्या अटींवर? तो कागद सापडला की बातमीचा निम्मा गोंधळ मिटतो.

प्रश्न : मी राज्यसेवेची तयारी करतो आहे. 'भारताने करारावर सही केली, पण तो रॅटिफाय केलेला नाही' असं पुस्तकात वाचतो. सही केली म्हणजे बंधन आलं ना? – पुण्याहून एक विद्यार्थी

उत्तर : दोन देशांमधले काही करार सहीच्या क्षणी लागू होतात, तसं त्या करारातच लिहिलेलं असतं. अनेक देशांच्या करारांत मात्र सहसा सही म्हणजे 'मसुदा पटला, आता घरी जाऊन विचार करतो' एवढंच. बंधन येतं ते रॅटिफिकेशनने, म्हणजे अनुसमर्थनाने. भारतात त्यासाठी केंद्रीय मंत्रिमंडळाची मंजुरी लागते, मग राष्ट्रपतींच्या सहीचा दस्त तयार होतो आणि तो करार सांभाळणाऱ्याकडे जमा होतो. हा सांभाळणारा बहुतेक वेळा संयुक्त राष्ट्रांचा महासचिव असतो. दस्त जमा झाल्यावरही करारात ठरलेली मुदत जावी लागते. छळविरोधी करारात ती 30 दिवसांची आहे, नागरी व राजकीय हक्कांच्या करारात 3 महिन्यांची. सही न करता थेट सामील होण्याचीही वाट असते. तिला अधिमिलन म्हणतात आणि परिणाम अनुसमर्थनासारखाच असतो.

छळविरोधी करारावर भारताने 14 ऑक्टोबर 1997 रोजी सही केली, अनुसमर्थन आजवर झालेलं नाही. 2010 मध्ये लोकसभेने छळ प्रतिबंधक विधेयक मंजूर केलं, ते राज्यसभेच्या प्रवर समितीकडे गेलं आणि पुढे व्यपगत झालं, म्हणजे मंजुरीविना आपोआप बाद झालं. तरी सही पूर्ण निरर्थक नसते. सही केलेल्या देशाने कराराचा हेतूच हाणून पाडेल असं काही करायचं नाही, एवढं बंधन राहतं.

उलट उदाहरण स्त्रियांवरील भेदभावाविरुद्धच्या कराराचं, ज्याला सीडॉ म्हणतात. सही 30 जुलै 1980 ची, अनुसमर्थन 9 जुलै 1993 चं. मध्ये जवळपास 13 वर्षं गेली. अनुसमर्थन करतानाही भारताने अटी घातल्या. वैयक्तिक कायद्यांत त्या त्या समाजाच्या पुढाकाराशिवाय हस्तक्षेप करणार नाही, असं जाहीर केलं. कराराच्या अर्थावरून वाद झाला तर तो आंतरराष्ट्रीय न्यायालयात नेण्याचं कलम 29(1) आपल्यावर बंधनकारक नाही, असंही सांगितलं. परीक्षेच्या पुस्तकांत तारखा असतात, या अटी नसतात. खरा अर्थ अटींतच असतो, म्हणून त्या वाचाच.

अनुसमर्थन झालं म्हणून देशातलं न्यायालय तो करार कायदा म्हणून राबवू लागत नाही. त्यासाठी संसदेला कायदा करावा लागतो. राज्यघटनेच्या कलम 253 नुसार विषय राज्यसूचीतला असला तरी संसद तो करू शकते. कायदा नसेल आणि करार देशी कायद्याच्या विरोधात जात नसेल, तर न्यायालय अर्थ लावताना कराराचा आधार घेऊ शकतं. 1997 च्या विशाखा निकालात सर्वोच्च न्यायालयाने सीडॉचा असाच आधार घेऊन कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाबाबत मार्गदर्शक सूचना दिल्या. संसदेचा कायदा आला 2013 मध्ये.

कराराची स्थिती स्वतः तपासायची तर संयुक्त राष्ट्रांच्या ट्रीटी कलेक्शन या संकेतस्थळावर कराराचं पान उघडा. देशांच्या तक्त्यात सहीचा स्तंभ वेगळा आणि अनुसमर्थनाचा वेगळा असतो. दुसऱ्या स्तंभातल्या तारखेपुढे बारीक 'ए' असेल तर अधिमिलन, 'डी' असेल तर पूर्वीच्या राजवटीकडून वारशाने आलेलं सदस्यत्व. तक्त्याखाली प्रत्येक देशाच्या अटी आणि त्यांवर इतरांनी घेतलेल्या हरकती दिलेल्या असतात.

प्रश्न : हेगचं न्यायालय एकच आहे की अनेक? आणि कुलभूषण जाधव खटला भारत जिंकला म्हणतात, तर त्यांची सुटका का झाली नाही? – सांगलीहून एक वाचक

उत्तर : हेग हे नेदरलँड्समधलं शहर आहे आणि तिथे वेगवेगळी न्यायपीठं आहेत. बातमीत तीन नावं कायम एकमेकांत मिसळतात.

आंतरराष्ट्रीय न्यायालय, म्हणजे आयसीजे, हा संयुक्त राष्ट्रांचा भाग आहे. न्यायाधीश 15, मुदत 9 वर्षांची, एका देशाचे दोन न्यायाधीश एका वेळी नसतात. इथे वादी देश आणि प्रतिवादीही देशच. व्यक्तीला इथे दाद मागता येत नाही आणि व्यक्तीवर खटलाही चालत नाही. आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालय, म्हणजे आयसीसी, नेमकं उलट. तिथे आरोपी माणूस असतो आणि आरोप वंशसंहार, युद्धगुन्हे अशा प्रकारचे असतात. ते 1998 च्या रोम करारातून निर्माण झालं आणि 1 जुलै 2002 पासून सुरू झालं. भारत त्याचा सदस्य नाही. तिसरं कायमस्वरूपी लवाद न्यायालय, 1899 चं, वयाने सगळ्यांत मोठं. त्यात कायमचं न्यायाधीशमंडळ बसलेलं नसतं, प्रत्येक वादासाठी लवाद नेमला जातो. बंगालच्या उपसागरातल्या भारत-बांगलादेश सागरी सीमेचा 2014 चा निवाडा तिथल्या देखरेखीखालचा. 2012 मध्ये केरळच्या किनाऱ्यापलीकडे दोन मच्छिमारांचा जीव घेणाऱ्या इटालियन नौसैनिकांचं प्रकरणही तिथलंच.

आता जाधव प्रकरण. पाकिस्तानात मार्च 2016 मध्ये अटक, 10 एप्रिल 2017 रोजी लष्करी न्यायालयाने फाशी सुनावल्याची घोषणा, 8 मे 2017 रोजी भारताचा आयसीजेकडे अर्ज. दोन शेजाऱ्यांतला कुठलाही वाद असा हेगला नेता येत नाही. पाकिस्तानने 1999 मध्ये पाडलेल्या आपल्या लष्करी विमानाबद्दल भारताविरुद्ध अर्ज केला होता, तो अधिकारक्षेत्र नाही म्हणून 21 जून 2000 रोजी 14 विरुद्ध 2 मतांनी फेटाळला गेला. कारण भारताने आयसीजेचा अधिकार मान्य करताना राष्ट्रकुलातल्या देशांशी असलेले वाद वगळले आहेत. जाधव प्रकरणात भारताने वेगळं दार शोधलं. 1963 च्या वाणिज्यदूत संबंधांच्या व्हिएन्ना करारासोबत एक ऐच्छिक पूरक करार आहे. त्या कराराबद्दलचा वाद आयसीजेत नेता येईल, असं त्यात म्हटलं आहे आणि दोन्ही देश त्याला बांधील होते. संमतीचा कागद तो.

या दाराची रुंदी मात्र तेवढीच होती. आरोप खरे की खोटे, शिक्षा योग्य की अयोग्य, हे ठरवण्याची संमती कुणीच दिलेली नव्हती. प्रश्न होता व्हिएन्ना कराराच्या कलम 36 चा : अटकेतल्या परदेशी माणसाला त्याचे हक्क विनाविलंब सांगायचे, तो म्हणेल तर त्याच्या देशाच्या वकिलातीला कळवायचं, आणि त्या देशाच्या अधिकाऱ्यांना त्याला भेटू द्यायचं. 17 जुलै 2019 च्या निकालात 15 विरुद्ध 1 मतांनी ठरलं की पाकिस्तानने हे बंधन मोडलं. हेरगिरीचा आरोप असला तरी हक्क जात नाही, हेही न्यायालयाने स्पष्ट केलं. आदेश असा, की शिक्षेचा परिणामकारक फेरविचार करा, मार्ग तुम्ही निवडा, आणि तोवर फाशी देऊ नका. सुटका करा किंवा शिक्षा रद्द करा ही भारताची मागणी मान्य झाली नाही. भारत जिंकला हे खरं आहे. जिंकला तो मुद्दा भेटीच्या हक्काचा होता.

प्रश्न : आमचे आजोबा दादरा-नगर हवेलीच्या लढ्यात होते. तो खटला हेगमध्ये पेशव्यांच्या कागदांवर लढला गेला, असं ते सांगत. हे खरं आहे का? – ठाण्याहून एक वाचक

उत्तर : खरं आहे, आणि मराठी वाचकाने हा निकाल मुळातून वाचावा असं आम्हाला मनापासून वाटतं.

आधी भूगोल. दमण पोर्तुगीजांचं, किनाऱ्यावर. दादरा आणि नगर हवेली हे त्यांचे दोन तुकडे आत, चहूबाजूंनी भारताने वेढलेले. 1954 च्या जुलै-ऑगस्टमध्ये स्वयंसेवकांनी ते मुक्त केले. त्यांत मराठी तरुण पुष्कळ होते, सुधीर फडके त्यांच्यापैकीच. पोर्तुगालला तिथे फौज पाठवायची तर ती भारताच्या जमिनीवरून जाणार, आणि भारताने वाट बंद केली होती. पोर्तुगालने 19 डिसेंबर 1955 रोजी आयसीजेचा अधिकार मान्य करणारं घोषणापत्र दिलं आणि तीनच दिवसांनी, 22 डिसेंबरला, भारताविरुद्ध अर्ज केला. ही घाई अन्यायाची आहे हा भारताचा आक्षेप न्यायालयाने 1957 मध्ये फेटाळला. पुढे 1974 मध्ये भारताने जे घोषणापत्र दिलं त्यात अट होती : समोरच्या देशाने अर्जाआधी 12 महिन्यांच्या आत संमती दिली असेल, तर तो वाद आम्हाला लागू नाही. ती अट वाचताना दादऱ्याचा खटला डोळ्यांपुढे येतोच.

पोर्तुगालचा दावा 1779 च्या पुण्याच्या तहावर आणि 1783 व 1785 च्या मराठी सनदांवर उभा होता. मराठ्यांनी ही गावं आम्हाला सार्वभौम हक्काने दिली, मग तिथे जाण्यायेण्याचा हक्कही ओघाने आला, असं म्हणणं. न्यायालयाने कागद तपासले. दिलेली गोष्ट होती सालीना 12,000 रुपयांच्या वसुलीचा हक्क, जहागीर किंवा सरंजामाच्या स्वरूपात. सरंजाम म्हणजे महसूल खाण्याचा अधिकार. मुलूख तोडून देणं वेगळं, आणि अशा देणगीचा अर्थ सार्वभौमत्वाचं हस्तांतरण असा लावल्याचं एकही उदाहरण न्यायालयापुढे आलं नाही. म्हणजे पेशव्यांनी ती गावं पोर्तुगीजांना कायमची देऊन टाकली नव्हती, हे हेगमध्ये मान्य झालं.

पण निकाल तिथे थांबत नाही, आणि इथे बरेच लेख चुकतात. 1818 नंतर इंग्रज आले तेव्हा पोर्तुगीज तिथे पूर्ण सत्ता चालवत होते. इंग्रजांनी ती प्रत्यक्षात मानली, पुढे स्वतंत्र भारतानेही हरकत घेतली नाही. शिवाय सव्वाशे वर्षं पोर्तुगीज नागरिक, मुलकी अधिकारी आणि माल विनाअडथळा ये-जा करत होते. एवढ्या काळाच्या सलग वहिवाटीतून दोन देशांपुरती रूढी तयार होते आणि ती कायद्याइतकी बंधनकारक ठरते, असं न्यायालयाने म्हटलं. रूढीला पुष्कळ देश लागतात ही समजूत या निकालाने मोडली. फौज, सशस्त्र पोलीस आणि दारूगोळा यांच्यासाठी मात्र दर वेळी आधी परवानगी घेतली जात असे. परवानगी मागावी लागते तिथे हक्क नसतो, म्हणून तो भाग नाकारला.

12 एप्रिल 1960 च्या निकालाची मतं पाहा. नागरिक, मुलकी अधिकारी आणि मालासाठी वाट होती, 11 विरुद्ध 4. सशस्त्र दलांसाठी नव्हती, 8 विरुद्ध 7. आणि 1954 मध्ये वाट बंद करून भारताने बंधन मोडलं नाही, 9 विरुद्ध 6. भारताच्या बाजूने खास नेमलेले न्यायाधीश होते मुंबई उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती राहिलेले एम. सी. छागला. 11 ऑगस्ट 1961 पासून हा प्रदेश दहाव्या घटनादुरुस्तीने भारतात सामील झाला.

प्रश्न : गोवा मुक्त झाला तेव्हा संयुक्त राष्ट्रांत भारताविरुद्ध ठराव मंजूर झाला होता का? आणि आमसभेचा ठराव बंधनकारक असतो का? – मडगावहून एक शिक्षिका

उत्तर : मंजूर झाला नव्हता. 18 डिसेंबर 1961 रोजी सुरक्षा परिषदेत युद्धबंदी आणि भारतीय सैन्य मागे घेण्याचा ठराव आला. तेव्हा परिषदेत 11 सदस्य होते आणि मंजुरीला 7 मतं लागत. बाजूने 7 पडली, विरोधात 4 : सोव्हिएत संघ, श्रीलंका (तेव्हाचं सिलोन), लायबेरिया आणि संयुक्त अरब प्रजासत्ताक (म्हणजे इजिप्त). संख्या पुरली होती, तरी विरोधातलं एक मत कायम सदस्य सोव्हिएत संघाचं होतं. कायम सदस्याच्या अशा एका विरोधी मताने ठराव पडतो, तोच व्हेटो. पोर्तुगालने गोव्यावरचं भारताचं सार्वभौमत्व मान्य केलं ते 31 डिसेंबर 1974 च्या कराराने.

आज परिषदेत 15 सदस्य आहेत आणि 9 मतं लागतात. कायम सदस्य तटस्थ राहिला किंवा गैरहजर असला तर तो व्हेटो धरला जात नाही. विद्यार्थ्यांना हे जरूर सांगा, कारण प्रश्नपत्रिकांमध्ये इथेच फसगत होते. परिषदेचे निर्णय सदस्य देशांना संयुक्त राष्ट्रांच्या सनदेच्या कलम 25 मुळे पाळावे लागतात. आमसभेचे ठराव देशांवर बंधनकारक नसतात, ती शिफारस असते. संस्थेचं अंदाजपत्रक आणि वर्गणी, नव्या सदस्याचा प्रवेश अशा घरच्या कारभारात मात्र आमसभेचा शब्द शेवटचा असतो, आणि प्रवेशालाही आधी परिषदेची शिफारस लागतेच.

प्रश्न : आमच्या भागातले खलाशी गुजरातच्या ट्रॉलरवर जातात आणि पाकिस्तान त्यांना पकडून नेतं. समुद्रात हद्द कुठे असते? पकडलं तर घरच्यांनी काय करायचं? – डहाणूहून एक वाचक

उत्तर : समुद्र एका रेषेने संपत नाही, त्यात पट्टे असतात. किनाऱ्याच्या आधाररेषेपासून 12 सागरी मैल, म्हणजे सुमारे 22 किलोमीटर, हा प्रादेशिक समुद्र. तिथे त्या देशाचा कायदा जमिनीसारखा चालतो. 24 मैलांपर्यंत जकात, प्रवेश वगैरेंवर लक्ष ठेवण्याचा अधिकार. 200 मैलांपर्यंत, म्हणजे सुमारे 370 किलोमीटर, अनन्य आर्थिक क्षेत्र. तिथली मासळी आणि खनिजं त्या देशाची, पण पाणी त्याच्या मालकीचं नाही. सागरी मैल 1,852 मीटरचा असतो, रस्त्यावरच्या मैलापेक्षा मोठा.

कच्छपुढे मोठी अडचण ही, की भारत आणि पाकिस्तान यांच्यात सागरी सीमा ठरलेलीच नाही. सर क्रीक या कच्छजवळच्या खाडीचा वाद मिटला नाही म्हणून रेषेची सुरुवात कुठून धरायची हेच ठरत नाही. भारत खाडीच्या मध्यधारेचा आग्रह धरतो, पाकिस्तान पूर्व काठाचा. तांडेलच्या, म्हणजे बोट चालवणाऱ्याच्या, जीपीएसवर मान्य रेषा दिसणार कशी?

1982 च्या सागरी कायद्याच्या करारात दोन्ही देश आहेत. त्याचं कलम 73 प्रत्येक खलाशाच्या घरी माहीत असायला हवं. आर्थिक क्षेत्रात मासेमारीचा नियम मोडला म्हणून पकडलं, तर योग्य जामीन घेऊन बोट आणि माणसं लवकर सोडायची आणि, दोन देशांत वेगळा करार नसेल तर, कैद ही शिक्षा द्यायची नाही. हे कलम 12 मैलांच्या आत लागू होत नाही, म्हणून आरोप बहुधा प्रादेशिक समुद्रात घुसल्याचा ठेवला जातो. बोट नक्की कुठे होती याची नोंद त्यामुळे फार मोलाची. सोबतच्या बोटी परत आल्या असतील तर त्यांच्या जीपीएसमधली त्या दिवसाची वाट लगेच उतरवून घ्या, नंतर ती पुसली जाते.

आता घरच्यांचं काम. बोट ज्या बंदरात नोंदलेली आहे तिथल्या मत्स्यव्यवसाय कार्यालयात मालकाने कळवायचं आणि त्याच दिवशी आपण पालघरच्या मत्स्यव्यवसाय कार्यालयात आणि आपल्या पोलीस ठाण्यात लेखी द्यायचं. दोन्ही ठिकाणी अर्जाची पोच घ्या. माणूस पालघरचा आणि बोट गुजरातची असली की एक राज्य दुसऱ्याकडे बोट दाखवतं आणि पाठपुरावा तिथेच अडतो. अर्जासोबत आधार, मतदार ओळखपत्र, रेशन कार्ड, शाळा सोडल्याचा दाखला, फोटो, बोटीच्या नोंदणीचा क्रमांक आणि बंदर सोडताना घेतलेल्या टोकनची प्रत जोडा.

दोन देशांत 21 मे 2008 चा करार आहे. त्यानुसार दर 1 जानेवारी आणि 1 जुलैला कैद्यांच्या याद्यांची देवाणघेवाण होते. अटकेपासून तीन महिन्यांत वकिलातीच्या अधिकाऱ्यांना भेटू द्यायचं, आणि शिक्षा संपून राष्ट्रीयत्व निश्चित झाल्यावर एका महिन्यात परत पाठवायचं, असंही ठरलं आहे. उशीर होतो तो बहुतेक राष्ट्रीयत्वाच्या पडताळणीत. खलाशाने तिथे घरगुती नाव सांगितलेलं असतं, गावाचं नाव उर्दूत वेगळंच लिहिलं जातं, आणि इथल्या कागदाशी ते जुळत नाही. म्हणून अर्जात माणसाला लोक ज्या नावांनी हाक मारतात ती सगळी नावं, वडिलांचं नाव, पाडा, गाव, तालुका आणि अंगावरची ओळखखूण जरूर लिहा. यादी आली की नाव नाही असं समजण्याआधी उच्चाराने जवळची नावंही पाहायला सांगा.

प्रश्न : रेड कॉर्नर नोटीस निघाली तरी आरोपी परदेशात मोकळे कसे फिरतात? – नागपूरहून एक वाचक

उत्तर : कारण ती नोटीस म्हणजे अटक वॉरंट नाही. ती काढणाऱ्या इंटरपोलचं, म्हणजे देशोदेशीच्या पोलिसांच्या संघटनेचं, मुख्यालय फ्रान्समधल्या लियॉनला आहे, त्याचं स्वतःचं अटक करणारं पथक नाही. 'या माणसाचा शोध घ्या आणि प्रत्यार्पणासाठी तात्पुरतं ताब्यात ठेवा' ही सदस्य देशांना केलेली विनंती असते. तिला किती कायदेशीर किंमत द्यायची ते प्रत्येक देश ठरवतो. भारतातर्फे इंटरपोलशी व्यवहार सीबीआय करते. राजकीय, लष्करी, धार्मिक किंवा वांशिक स्वरूपाचं प्रकरण इंटरपोल घेत नाही.

खरं काम पुढे असतं. तपास यंत्रणा आरोपपत्र, वॉरंट, पुरावे आणि भाषांतरं यांची फाइल करते, ती परराष्ट्र मंत्रालयामार्फत त्या देशाकडे जाते, तिथलं न्यायालय तपासतं, अपिलं होतात आणि शेवटी तिथलं सरकार निर्णय घेतं. कृत्य दोन्ही देशांत गुन्हा असावं लागतं. आणि ज्या गुन्ह्यांसाठी माणूस सोपवला त्यांसाठीच खटला चालवता येतो. मुंबईच्या 1993 च्या बॉम्बस्फोटांतला अबू सालेम नोव्हेंबर 2005 मध्ये पोर्तुगालहून आणला गेला. फाशी नाही आणि 25 वर्षांहून अधिक कैद नाही, असा शब्द भारत सरकारने 2002 मध्येच दिला होता. तो शब्द पाळावा लागेल, असं सर्वोच्च न्यायालयाने जुलै 2022 मध्ये सांगितलं. काहींना याचा राग येतो. पण हा शब्द मोडला तर पुढच्या आरोपीच्या वेळी कुठलाही देश भारताच्या आश्वासनावर माणूस सोपवणार नाही.

प्रश्न : परदेशी नोकरीसाठी 'अपोस्टिल' करून आणा म्हणतात. हे काय असतं, आणि दुबईला का चालत नाही? – कोल्हापूरहून एक परिचारिका

उत्तर : 5 ऑक्टोबर 1961 च्या हेग करारातलं हे प्रमाणपत्र. भारतात ते 14 जुलै 2005 पासून लागू आहे. कागदावरची सही आणि शिक्का खऱ्या अधिकाऱ्याचे आहेत, एवढंच ते सांगतं. मजकूर खरा असल्याची हमी त्यात नसते. दोन्ही देश करारात असतील तरच ते चालतं. संयुक्त अरब अमिराती, कतार आणि कुवेतसाठी परराष्ट्र मंत्रालयाच्या शिक्क्यानंतर त्या देशाच्या वकिलातीचा शिक्का वेगळा घ्यावा लागतो. ओमान, बहारीन आणि सौदी अरेबिया करारात आहेत, सौदी डिसेंबर 2022 पासून. जर्मनीने भारताच्या प्रवेशावर हरकत घेतली होती. म्हणून जर्मनीला जाणाऱ्यांनी केवळ यादीत नाव पाहून पैसे भरू नयेत, आधी जर्मन वकिलातीला विचारावं.

क्रम असा. मूळ कागद, झेरॉक्स नाही. शैक्षणिक कागद असेल तर विद्यापीठाकडून किंवा मंडळाकडून पडताळणी, मग राज्य सरकारने नेमलेल्या विभागाचं प्रमाणीकरण, मग परराष्ट्र मंत्रालय. मंत्रालय लोकांकडून थेट कागद घेत नाही, नेमलेल्या सेवा संस्थांमार्फत घेतं. अपोस्टिलचं सरकारी शुल्क कागदामागे 50 रुपये आहे, संस्थेचा सेवाआकार वेगळा. एजंट हजारोंचा आकडा सांगेल तेव्हा त्यातले 50 कुठले आणि उरलेले कशाचे, हे लेखी मागा.

कागद परत येतो तो बहुधा अशा कारणांनी : लॅमिनेशन केलेलं प्रमाणपत्र, कारण त्यावर शिक्का आणि स्टिकर बसत नाही, दाखल्यावर आईचं नाव एक आणि पासपोर्टवर दुसरं, सही करणाऱ्या अधिकाऱ्याच्या सहीचा नमुना वरच्या कार्यालयात नसणं. जन्मदाखला जुना आणि फक्त मराठीत असेल तर आधी नगरपालिकेतून किंवा ग्रामपंचायतीतून मराठी-इंग्रजी दाखला नव्याने काढा, भाषांतराचा खर्च वाचतो. परदेशातल्या भारतीय वकिलातीने दिलेला दाखला या कराराबाहेर आहे, त्यावर अपोस्टिल होत नाही. अपोस्टिलला मुदत नसते, पण तिकडचं कार्यालय मूळ दाखला अलीकडचा असावा असं म्हणू शकतं, म्हणून पोलीस पडताळणीचा दाखला सगळ्यांत शेवटी काढा.